सांत्वनाची सुरुवात मृत्यूच्या आधी हवी

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

घरात मृत्यू झाला की माणसे धावून येतात. मात्र त्या घराला आधाराची गरज त्याच्या बरीच आधीपासून असते, याकडे आपल्या दैनिकाद्वारे लक्ष वेधू इच्छितो.

आजार बरा होणार नाही हे कळल्यावरही पुढे काय काय घडेल, ते घरच्यांना सहसा कुणी सांगत नाही. अखेरच्या दिवसांत भूक मरते, झोप वाढते, हातपाय गार पडतात, श्वास मधेच थांबतो, घशात घरघर लागते. शरीराचे कामकाज आवरत आल्याची ही लक्षणे आहेत, हे ठाऊक नसलेला मुलगा आईला बळेच घास भरवत राहतो आणि ती गेल्यावर 'आम्हीच खाऊ घालायला कमी पडलो' ही टोचणी वर्षानुवर्षे बाळगतो. ओल्या कापसाने ओठ भिजवा, कूस बदलून द्या, हात हातात घेऊन बसा, एवढे जरी परिचारिकेने वेळेवर समजावले, तरी ही टोचणी पुष्कळ अंशी टळते.

ब्रिटिश डॉक्टर सिसिली सॉन्डर्स यांनी १९६७ साली लंडनमध्ये सेंट ख्रिस्तोफर्स हॉस्पिस, म्हणजे मरणासन्न रुग्णांसाठीचे शुश्रूषागृह, सुरू केले, ते रुग्णाच्या देहाबरोबर त्याच्या मनाचे आणि कुटुंबाचे दुःखही शुश्रूषेत धरूनच. तरीही जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार पॅलिएटिव्ह केअरची, म्हणजे गंभीर आजारातला त्रास हलका करणाऱ्या शुश्रूषेची, गरज असलेल्यांपैकी जेमतेम १४ टक्के लोकांना ती मिळते. ही सेवा म्हणजे डॉक्टरांनी हात टेकणे, हा समज त्याला काही अंशी कारणीभूत आहे. वस्तुतः ती उपचारांच्या जोडीनेच सुरू करता येते.

मृत्यूनंतरचे आपले वागणेही तपासायला हवे. शोकाचे म्हणून सांगितले जाणारे पाच टप्पे (नकार, राग, घासाघीस, नैराश्य, स्वीकार) १९६९ साली मांडले गेले, ते मुळात मरणासन्न रुग्णांशी झालेल्या संवादांतून; त्यांची फूटपट्टी मागे राहिलेल्यांना लावून 'अजून सावरला नाहीत?' असे विचारणे अन्यायाचे आहे. 'काही लागले तर सांगा' हेही, हेतू चांगला असला तरी, मागण्याचे ओझे त्याच माणसावर टाकते. त्यापेक्षा 'मंगळवारी बँकेत मी बरोबर येतो' असे म्हणावे, आणि गेलेल्याचे नाव घेणे टाळू नये.

असाध्य आजाराच्या रुग्णाला घरी पाठवताना रुग्णालयांनी या लक्षणांची माहिती देणारे साध्या भाषेतले एक पत्रक आणि अडीअडचणीला विचारता येईल असा दूरध्वनी क्रमांक द्यावा, तसेच मृत्यूनंतर काही आठवड्यांनी त्या घरी एकदा चौकशीचा फोन करावा, अशी माझी विनंती आहे.

आपला,
एक वाचक