फादर बातमीदार असू शकतो, फक्त तसं छापा

संपादक साहेब, नमस्कार.

तुमच्या रविवार पुरवणीतला परदेशी बातमीदारांवरचा लेख आवडला, पण त्यात सगळे मोठ्या पेपरांचे नाहीतर एजन्सीचे, एकही फादर नाही. आणि वर परवा एका वाचकाचं पत्र, की पाद्री कसला बातमीदार, तो तर प्रचारक. हे काही पटलं नाही म्हणून लिहितोय. जरा लांबलंय, कापायचंच असेल तर मधलं कापा, शेवट ठेवा.

आयर्लंडचे कोलंबन मिशनचे फादर पॅट्रिक ओ'कॉनर बघा. अमेरिकन बिशपांची १९२० पासूनची एक न्यूज सर्व्हिस होती, एनसीडब्ल्यूसी, तिचे ते आशियातले बातमीदार. कोरियाचं युद्ध त्यांनी कव्हर केलं, मग व्हिएतनाम. १९५४ मध्ये जिनिव्हा करार झाला, व्हिएतनामचे उत्तर-दक्षिण असे दोन भाग पडले आणि कम्युनिस्टांच्या हातात गेलेल्या उत्तर व्हिएतनाममधून आठ-नऊ लाख लोक दक्षिणेत निघाले, त्यात बहुतेक कॅथलिक, तेव्हा हे उत्तरेतल्या हनोईत होते. आता विचार करा, आख्खं गाव आपल्या पाद्रीच्या मागे बोटीत बसतंय, अशा वेळी लोक आधी बोलणार कुणाशी, हॉटेलात उतरलेल्या गोऱ्या साहेबाशी की कॉलर घातलेल्या फादरशी? हा ॲक्सेस पैसे टाकून मिळत नाही. शिवाय बाकीचा बातमीदार दोन-तीन वर्षात बदलतो आणि भाषा येईपर्यंत त्याची बॅग भरलेली असते, मिशनवाला वीस-वीस वर्षं तिथेच.

आणि गंमत म्हणजे सगळ्यात भारी उदाहरण अशा माणसाचं आहे जो ज्या देशाबद्दल लिहायचा त्या देशात जाऊच शकत नव्हता. लाडानी नावाचे हंगेरियन फादर, जेझुइट या कॅथलिक संघाचे, १९३६ साली चीनला गेले, कम्युनिस्ट आल्यावर बाहेर पडावं लागलं, मग हाँगकाँगमध्ये बसून १९५३ ते १९८२ 'चायना न्यूज ॲनालिसिस' नावाचं छोटं पत्रक काढलं. मसाला कुठला, तर चीनचेच सरकारी पेपर आणि प्रांतांतली रेडिओ स्टेशनं. रोज वाचायचं, ऐकायचं, काल काय म्हणाले होते आणि आज काय म्हणतायत ते लावून बघायचं, कुठल्या गोष्टीचा गाजावाजा अचानक बंद झाला ते टिपायचं. कंटाळवाणं काम आहे हो, पण एम्बसीवाले आणि पत्रकार पैसे भरून ते मागवायचे. १९५८ नंतर चीनमध्ये भयंकर दुष्काळ पडला, पाहुणे म्हणून फिरून आलेले कितीतरी परदेशी लोक सगळं आलबेल सांगत होते तेव्हा हा माणूस उपासमारीबद्दल लिहीत होता. आता ते कट्टर कम्युनिस्टविरोधी होते हे खरंच, आणि त्यावरून शिव्याही खाल्ल्या. पण कोण बरोबर ठरलं?

म्हणजे फादर निःपक्षपाती असतात असं माझं म्हणणं नाही हां. १९६३ चं सायगाव घ्या, दक्षिण व्हिएतनामची राजधानी. तिथले राष्ट्राध्यक्ष झिएम कॅथलिक, त्यांचा सख्खा भाऊ ह्युए शहराचा आर्चबिशप, आणि ११ जूनला एका बौद्ध भिक्षूने भर चौकात स्वतःला जाळून घेतलं, त्याचा एपी या वृत्तसंस्थेने काढलेला फोटो जगभर गेला. अशा वेळी त्या शहरातून कॅथलिक फादर बौद्धांबद्दल काय लिहितो ते मी तरी दोनदा तपासून घेईन. तसं सरकारी खर्चाने फिरणाऱ्या पत्रकारालाही तपासतोच, पण फादरचा कल निदान कॉलरवर दिसतो तरी.

बंधनं पण बघा ना. कन्फेशनमध्ये, म्हणजे लोक पापांची कबुली देतात तेव्हा, ऐकलेलं कुणालाच सांगायचं नाही, चर्चच्या कायद्याचं कलम म्हणजे कॅनन ९८३, आणि मोडलं तर थेट चर्चच्या बाहेर. आपला बातमीदार म्हणतो सोर्सचं नाव सांगणार नाही, इथे तर बातमीच गिळायची. कॅथलिक धर्मावर उघड टीका करत राहणाऱ्या पेपरात लिहायचं तर कॅनन ८३१ प्रमाणे बिशपची परवानगी. आणि सुपिरियरने, म्हणजे संघातल्या वरिष्ठाने, बोलावलं की चालू स्टोरी टाकून परत यायचं, तिथे एडिटरचं काही चालत नाही.

हा जुना जमाना झाला असंही नाही. फादर चेर्वेल्लेरा बीजिंगला युनिव्हर्सिटीत शिकवायचे, मग रोममध्ये फीदेस ही मिशनची बातम्यांची एजन्सी सांभाळली, आणि २००३ पासून बरीच वर्षं एशियान्यूज ही आशियातल्या बातम्यांची कॅथलिक एजन्सी चालवली, चीनी भाषेतसुद्धा. चीनच्या चर्चबद्दलच्या कितीतरी बातम्या आधी तिथे येतात आणि मग फिरत फिरत आपल्या पेपरात, पण तोवर मूळ नाव गळून 'वृत्तसंस्था' एवढंच उरतं.

माझी तक्रार खरी तिथेच आहे. अशी बातमी घेतलीत तर कुठली एजन्सी ते द्या, लिहिणारा फादर असेल तर नावाआधी फादर छापा, किती विश्वास ठेवायचा ते आम्ही ठरवू.

आपला,
एक नियमित वाचक