त्या इस्त्रीच्या शर्टाबद्दल

आदरणीय साहेब,

तुम्ही मला ओळखत नाही. आईच्या आजारपणासाठी ज्याला तुम्ही पाच दिवसांच्या पॅरोलवर सोडलंत, त्याची मी थोरली बहीण. आई जाऊन आज २२ दिवस झाले. पत्र आधीच लिहायचं होतं, हात चालत नव्हता.

भाऊ निर्दोष आहे असं मी म्हणणार नाही. त्याच्यामुळे एका घरातलं माणूस गेलं. त्या घराला कुणी पाच दिवसांपुरतंसुद्धा काही परत दिलेलं नाही, हे मला ठाऊक आहे. तरीही आभार मानायचे आहेत.

तीन वर्षांपूर्वी बाबा गेले तेव्हा त्या खुर्चीत दुसरे साहेब होते. आम्ही अर्ज केला, फेऱ्या मारल्या. दर वेळी एकच उत्तर, पोलिसांचा अहवाल आलेला नाही. तो आला तेव्हा बाबा जाऊन ११ दिवस झाले होते. भावाला तर बातमीच चौथ्या दिवशी मिळाली, तीही रांगेतून नाव पुकारून. "तुझे वडील वारले, इथे सही कर."

कैद्यांना कसं वागवावं याचे संयुक्त राष्ट्रांचे नियम आहेत, हे मी तेव्हा शोधून वाचलं. डिसेंबर २०१५ मध्ये सुधारून मंजूर झालेल्या या नियमांना नेल्सन मंडेलांचं नाव आहे. त्यातला ७० वा नियम म्हणतो, जवळचं माणूस गंभीर आजारी असलं किंवा वारलं तर कैद्याला ताबडतोब कळवा, आणि परिस्थिती अनुकूल असेल तर भेटीला किंवा अंत्यसंस्काराला जाऊ द्या. खुद्द मंडेलांना १९६८ मध्ये आईच्या आणि १९६९ मध्ये थोरल्या मुलाच्या अंत्यसंस्काराला जाऊ दिलं नव्हतं. त्या आधीच्या साहेबांची परिस्थिती कधीच अनुकूल नसायची. असो.

तुम्ही पॅरोल दिलात, तो नियमातच होता. नियमात नव्हतं ते वेगळंच.

सुटायच्या सकाळी त्याचे जमा केलेले कपडे पिशवीतून काढले. सहा वर्षं बांधून ठेवलेला शर्ट, चुरगळलेला, कुबट वास मारणारा. भाऊ तोच घालून निघाला होता. तुम्ही त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलंत आणि म्हणालात, "आईसमोर असा जाणार?" शर्ट उतरवून घेतलात, कुणाला तरी धुवायला दिलात आणि ओला होता तसाच इस्त्रीने वाळवून घेतलात. यात तासभर गेला. भाऊ मनातल्या मनात चरफडत होता, आपल्या पाच दिवसांतला एक तास गेला म्हणून. हे त्यानेच सांगितलं.

आईला शेवटी शेवटी नीट दिसत नव्हतं. तो वाकला तेव्हा तिने चेहऱ्याला हात लावला नाही, कॉलर चाचपली. बाहीवरची घडी बोटांनी वरून खाली तपासली आणि मला म्हणाली, "बरा ठेवलाय गं त्याला." सहा वर्षांत मी तिला शंभरदा सांगितलं असेल की तो ठीक आहे. माझ्यावर तिचा विश्वास बसला नव्हता, इस्त्रीवर बसला.

तुमच्या जागी दुसरा कुणी असता तर कागदावर शिक्का मारून मोकळा झाला असता, आणि त्याचं काही चुकलंही नसतं. चांगुलपणाची नोंद करायला कुठल्या रजिस्टरात रकाना नसतो. म्हणून ती इथे करतेय.

पाचव्या दिवशी मुदत संपायच्या तीन तास आधी भाऊ फाटकाशी हजर होता, हे तुम्हाला माहीतच आहे. त्यानंतर नऊ दिवसांनी आई गेली. या वेळी त्याला त्याच दिवशी कळलं. तुम्ही स्वतः बराकीपर्यंत गेलात आणि त्याला खाली बसवून सांगितलंत.

एक विनंती आहे. तो शर्ट पुन्हा तुमच्याकडे जमा आहे. निघताना आईने छातीशी मुठीत धरला होता, तिथे चुण्या पडल्या आहेत. तो सुटेल तेव्हा इस्त्री करू नका.

तुमची,
त्याची थोरली बहीण