पाळीची रात्र

चि. बाळास अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर विचारलंस, "बाबा, एवढ्या थंडीत, या वयात रात्री शेतात कशाला जाता?" तेव्हा नीट सांगता आलं नाही. आता शेकोटीपाशी बसून लिहितो आहे.

वारा वाहतो तोवर दंव गोठून पीक जळायची फारशी भीती नसते. वारा पडला, आभाळ मोकळं झालं, चांदण्या टपोऱ्या दिसायला लागल्या की पोटात गोळा येतो. ढगांचं पांघरूण नसलं की जमिनीची ऊब वर निघून जाते आणि जड, गार हवा खोलगट वावरात साचते. म्हणून आपलं ओढ्याकाठचं रान आधी पांढरं पडतं. गेल्या साली मी म्हटलं, सकाळी बघू. सकाळी पानं उकडल्यासारखी काळी पडलेली. पानातलं पाणी एकदा गोठलं की मग कितीही पाणी द्या, ते पान परत येत नाही. ती चूक माझी होती, अजून सलते.

यंदा दिवसाच रान भिजवून ठेवलं. ओली माती कोरडीपेक्षा जास्त ऊब धरते. पण खरा घात उजाडायच्या जरा आधी होतो, आणि तेव्हा एकट्याला जाग येईलच असं नाही. म्हणून आम्ही पाच घरांनी पाळ्या लावल्यात. पारा २ अंशांवर आला की जागा असेल त्यानं बाकीच्यांना उठवायचं आणि विहिरीचं पाणी सोडायचं. ते हवेपेक्षा कोमट असतं.

शेजारची गाय रविवारी रात्री व्यायली. घरधनी परगावी. तुझ्या आईनं वासरू पोत्यानं चोळून कोरडं केलं, दोन तासांच्या आत चीक पाजला. आता उड्या मारतंय.

मागच्या घरातल्या आजींची मात्र काळजी वाटते. निखाऱ्यांची शेगडी खोलीत ठेवून दार लावून झोपायच्या. निखाऱ्यांतून निघणाऱ्या विषारी वायूला वास नसतो रे, माणूस झोपेतच जातो. आई रोज रात्री शेगडी बाहेर काढते आणि त्यांच्या अंगावर आणखी एक गोधडी घालते. सकाळी पहिली कडी आम्ही त्यांचीच वाजवतो. आतून "उठले" ऐकू आलं की मगच पुढच्या कामाला लागतो.

पावणेतीन झाले. माझी पाळी तीनची. चार घरं माझ्या भरवशावर झोपली आहेत. तू पाठवलेले हातमोजे घालून निघतो.

तुझे,
बाबा