लढाई संपली, पण सुट्टी नाही

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तू लिहिलंस, लढाई संपली की फौज आपसूक घरी येते. मला ते पटलं नाही, म्हणून सविस्तर लिहितो.

ऑगस्ट १९४५ मध्ये जपान शरण आला तेव्हा हिंदी फौजेत सुमारे २५ लाख माणसं होती. इटलीपासून ब्रह्मदेश-मलायापर्यंत पांगलेली. जहाजं अपुरी, आणि त्याहून अवघड प्रश्न असा की आधी कुणाला सोडायचं? अमेरिकेने गुण ठरवले होते. नोकरीच्या दर महिन्याला एक, परदेशातल्या महिन्याला आणखी एक, पदकाला पाच, प्रत्येक मुलामागे बारा, तेही तिघांपर्यंतच. ८५ भरले की सुटका. विमानवाहू जहाजांतसुद्धा झोपायला मजली खाटा ठोकून माणसं नेली. इंग्रजांनी वय आणि नोकरी एकत्र धरली. दोन महिन्यांची नोकरी म्हणजे वयाचं एक वर्ष.

हिशेब मला न्यायाचे वाटतात. तरीही बोटी रेंगाळल्या तेव्हा माणसांचा धीर सुटला. जानेवारी १९४६ मध्ये मनिलात अमेरिकन शिपाई हजारोंनी रस्त्यावर उतरले. तिकडे त्यांच्या बायका, नवऱ्यांना परत आणा म्हणून, खासदारांना तान्ह्या मुलांचे बूट पाठवत होत्या. त्याच महिन्यात कराचीच्या ड्रिग रोड तळावर ब्रिटिश हवाई दलाच्या लोकांनी काम थांबवलं.

आपल्या माणसांचं काय झालं, ते मला अजून बोचतं. ऑक्टोबर १९४५ च्या अखेरीस ४९ वी हिंदी ब्रिगेड जावातल्या सुराबायाला उतरली. तिच्यात मराठा पलटण होती. सांगितलेलं काम जपान्यांची हत्यारं काढून घेण्याचं आणि कैदेतल्या लोकांना सोडवण्याचं. पण इंडोनेशियाने स्वातंत्र्य जाहीर केलं होतं, आणि हे लोक तिथे आधी राज्य करणाऱ्या डचांना परत आणायला आलेत असा तिथल्या तरुणांचा समज झाला. तो सगळा चुकीचाही नव्हता. गोळीबार पेटला, ३० ऑक्टोबरला या ब्रिगेडचे प्रमुख ब्रिगेडियर मॅलबी मारले गेले, १० नोव्हेंबरपासून शहरावर मोठा हल्ला झाला. आज इंडोनेशियात तो दिवस वीरदिन म्हणून पाळतात. महायुद्धातून जिवंत सुटलेला आपला पोरगा, ज्यांच्याशी आपलं काही वैर नाही अशांच्या गोळीने गेला. घरी तार आली असेल तेव्हा आईला काय समजावलं असेल रे? लढाई तर संपली होती ना?

म्हणूनच १८ फेब्रुवारी १९४६ ला मुंबईत नौदलाच्या 'तलवार' या तळावर खलाशी उठले, तेव्हा त्यांच्या मागण्यांत नुसतं चांगलं जेवण आणि पगार नव्हता. लवकर सुटका द्या, आणि इंडोनेशियातून हिंदी फौज परत आणा, हेही होतं. आपण त्या उठावाकडे स्वातंत्र्याचा अध्याय म्हणून बघतो, ते बरोबरच आहे. पण घरी जाण्याची ती ओढ त्यात वाचायला हवी, असं मला फार वाटतं. जावातून फौज पुरती निघायला नोव्हेंबर १९४६ उजाडला.

तुझ्या सातारकडच्या गावात त्या पिढीची डिस्चार्ज बुकं कुणाच्या पेटीत असतीलच. सुटकेची तारीख आणि शेवटचा मुक्काम पाहून ठेव, मी दिवाळीत येतोय. वहिनींना नमस्कार.

तुझा,
बाळू