पत्रिकांच्या चाचणीचे आकडे पुन्हा पाहताना

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या पत्रस्तंभात काही दिवस ज्योतिषावरून जो वाद चालला आहे, त्यात दोन्ही बाजूंचे पत्रलेखक डॉ. जयंत नारळीकरांचे नाव घेताना दिसतात. एका बाजूचे म्हणणे, नारळीकरांनी ज्योतिष खोटे असल्याचे सिद्ध करून टाकले. दुसऱ्या बाजूचे म्हणणे, ज्यांचा स्वतःचा विश्वाविषयीचा सिद्धांत जगाने मानला नाही, त्यांनी ज्योतिषाला नावे ठेवू नयेत. संख्याशास्त्र शिकवण्यात माझी नोकरी गेली, म्हणून असेल, पण ही दोन्ही विधाने मला सारखीच सैल वाटतात.

दोन्ही बाजू जिच्याविषयी बोलतात ती, पत्रिकेवरून मुलाची बुद्धी ओळखता येते का हे पाहणारी चाचणी पुण्यात २००८ मध्ये झाली. नारळीकरांबरोबर संख्याशास्त्रज्ञ सुधाकर कुंटे, डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि पूर्वी ज्योतिषाचा अभ्यास केलेले प्रकाश घाटपांडे असे चौघे त्यात होते. शाळेत हुशार म्हणून ओळखली जाणारी १०० मुले आणि बौद्धिक अक्षमता असलेली १०० मुले, अशा २०० जणांच्या पत्रिका तयार करण्यात आल्या. प्रत्येक ज्योतिषाला त्यांतल्या ४० पत्रिका पाठवून, कोणती पत्रिका कोणत्या गटातील आहे एवढेच विचारण्यात आले. आवाहनाला ५१ जणांनी प्रतिसाद दिला, प्रत्यक्षात उत्तरे धाडली ती २७ जणांनी. त्यांच्या अचूक उत्तरांची सरासरी ४६ टक्के भरली आणि सर्वांत चांगली कामगिरी ४० पैकी २४ अशी होती. एका ज्योतिष संस्थेने सर्व २०० पत्रिका तपासल्या आणि त्यांतल्या १०२ बरोबर ओळखल्या. पुढच्या वर्षी ‘करंट सायन्स’ या विज्ञान नियतकालिकात हे सारे छापून आले.

या चाचणीची मला वाटणारी थोरवी तिच्या निकालात नसून तिच्या मांडणीत आहे. कोणती पत्रिका कोणाची हे उत्तरे देणाऱ्याला ठाऊक नव्हते, उत्तरे गोळा होईपर्यंत चाचणी घेणाऱ्यांपासूनही ते दूर ठेवले होते, आणि प्रश्न असा निवडला होता की त्याला ‘होय’ आणि ‘नाही’ याखेरीज तिसरी वाट नव्हती. ज्योतिषांनी ४० पैकी तीस-बत्तीस पत्रिका ओळखल्या असत्या, तर नारळीकरांना आपल्या जन्मभराच्या मताविरुद्धचा निकाल स्वतःच्याच सहीने छापावा लागला असता. इतकी जोखीम पत्करून शंका घेणारे लोक दोन्ही बाजूंना विरळच.

आता त्या २४ या आकड्याविषयी. काही पत्रलेखक तो ‘साठ टक्के यश’ म्हणून पुढे करतात. ४० वेळा नाणे उडवून छाप-काट सांगणाऱ्याला २४ किंवा अधिक वेळा बरोबर येण्याची शक्यता सुमारे १३ टक्के असते. म्हणजे पत्रिकेकडे न बघता २७ जणांनी नुसते अंदाज ठोकले असते, तरी तिघा-चौघांनी २४ गाठले असते. येथे ते एकालाच जमले. २८ चा, म्हणजे सत्तर टक्क्यांचा, पल्ला मात्र निव्वळ नशिबाने शंभरांत एखादाच गाठतो. तरीही एक गोष्ट लक्षात ठेवावी लागेल, की २७ जणांपैकी कुणा एकाने योगायोगाने २८ गाठण्याची शक्यता जवळजवळ पाचांत एक एवढी आहे. तसे घडले असते तर पेढे वाटण्याआधी त्याच व्यक्तीला नव्या ४० पत्रिका द्याव्या लागल्या असत्या.

आमच्या, म्हणजे ज्योतिष न मानणाऱ्यांच्या बाजूने एक गोष्ट सहसा बोलली जात नाही. सरासरी ४६ टक्के म्हणजे एकंदर १०८० उत्तरांपैकी बरोबर आलेली सुमारे ५००, आणि अपेक्षा ५४० ची. ही तूट दिसते तितकी किरकोळ नाही. उत्तरे खरोखर नाणेफेकीसारखी एकमेकांपासून स्वतंत्र असती, तर इतका फरक शंभरांत एकदाही क्वचितच दिसावा. मग ‘ज्योतिष उलटे चालते’ असे म्हणायचे का? (विनोदाने म्हणणारे भेटतात.) माझे उत्तर असे, की ही उत्तरे स्वतंत्र नव्हती. तीच २०० मुले, एकेक पत्रिका सरासरी पाच जणांच्या हाती गेलेली, आणि बहुतेकांचे नियम त्याच ग्रंथांतून आलेले. एखादा नियम एका मुलाच्या बाबतीत चुकला की पाचही जण एकदम चुकणार. त्यामुळे १०८० हा आकडा फुगलेला आहे आणि त्यावरून काढलेली तूटही. हा खुलासा मला पटतो; पण सरासरी ५४ टक्के आली असती, तर तेव्हाही मी हाच खुलासा तितक्याच तत्परतेने पुढे केला असता का आणि ज्योतिषांनी तो ऐकून घेतला असता का, हे दोन्ही प्रश्न त्याला चिकटूनच येतात. आपल्याला हवा तसा निकाल आला की हिशेब तपासायला कुणी बसत नाही, नको तसा आला की सगळे बसतात.

चाचणीच्या मर्यादाही उघड आहेत. तपासला गेला तो बुद्धीविषयीचा एकच दावा. विवाह, नोकरी, आयुर्मान यांना तिने हात लावलेला नाही. म्हणून ‘ज्योतिष खोटे ठरले’ हे विधान तिच्या पदरात मावणारे नाही. भाग घेणारे स्वेच्छेने आले होते, तेव्हा ते साऱ्या ज्योतिषांचे प्रतिनिधी होते असेही म्हणता येणार नाही. जन्मवेळा काटेकोर नव्हत्या, हा आक्षेपही ऐकून घेण्यासारखा आहे. फक्त तो उत्तरे धाडण्यापूर्वी घ्यायला हवा होता, आणि रोज येणाऱ्या जातकाची जन्मवेळ याहून काटेकोर असते का, हेही सांगायला हवे.

राहिला नारळीकरांच्या सिद्धांताचा मुद्दा. विश्वाला आरंभ नाही असे मानणारा स्थिर स्थिती सिद्धांत १९४८ मध्ये मांडला गेला. ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉइल त्याच्या कर्त्यांपैकी एक आणि केंब्रिजमध्ये नारळीकर त्यांचे शिष्य. १९६५ मध्ये पेन्झिअस आणि विल्सन यांना सर्व दिशांनी येणारे सूक्ष्मलहरी प्रारण सापडले, ते विश्वाच्या उष्ण आरंभाची खूण मानले गेले आणि बहुसंख्य शास्त्रज्ञ महास्फोटाकडे, म्हणजे विश्वाला आरंभ आहे या सिद्धांताकडे, वळले. नारळीकरांनी १९९३ मध्ये हॉइल व खगोलशास्त्रज्ञ जेफ्री बर्बिज यांच्याबरोबर स्थिर स्थिती सिद्धांताचे सुधारित रूप मांडले, प्रारणाचा वेगळा खुलासा दिला, पण तो फारसा कुणी स्वीकारला नाही. मलाही वाटते की या वादात पुरावा महास्फोटाच्या बाजूने आहे. परंतु अल्पमतात राहूनही त्यांचा वाद मोजमापांच्या भाषेतच चालला. जीवाणू अंतराळातून येतात का हे पाहण्यासाठी हैदराबादहून बलून सोडण्याच्या मोहिमेत ते होते. २००५ च्या उड्डाणात २० ते ४१ किलोमीटर उंचीवर जीवाणूंच्या ३ नव्या जाती मिळाल्या, त्यांतल्या एकीला हॉइल यांचे नावही दिले गेले, आणि तरीही हे जीव पृथ्वीबाहेरचे आहेत असे यावरून निर्णायकपणे सिद्ध होत नाही, हे निष्कर्षात स्पष्ट म्हटले गेले. मनाजोगता पुरावा हाती आल्यासारखा दिसत असताना एवढे वाक्य लिहिणारे किती ज्योतिषी आणि किती विवेकवादी आपण पाहिले आहेत?

तेव्हा वादापेक्षा चाचणी पुन्हा घ्यावी, अशी माझी सूचना आहे. आज बाळाच्या जन्माची वेळ रुग्णालयाच्या कागदावर मिनिटासह असते, त्यामुळे जुना आक्षेप दूर करता येईल. प्रश्न कोणता विचारायचा हे ज्योतिषांनीच ठरवावे, किती उत्तरे बरोबर आल्यास यश मानायचे ते दोन्ही बाजूंनी आधी लिहून मोहोरबंद करावे, आणि निकाल काहीही लागला तरी आपल्या वृत्तपत्राने तो तितक्याच जागेत छापावा. गणिताचे काम मी विनामोबदला करीन. माझी आकडेमोड तपासायला ज्योतिषांनी आपल्या पसंतीचा संख्याशास्त्रज्ञ आणावा.

आपली,
एक निवृत्त संख्याशास्त्र प्राध्यापिका, सातारा