त्या बोकडाविषयी बंड्यास पत्र

बेडफर्ड, 18 जानेवारी

प्रिय बंड्या,
सप्रेम नमस्कार.

गणपतीत आलेल्या तुझ्या पत्राला संक्रांत उलटून गेल्यावर उत्तर लिहीत आहे; तेही प्रेमापोटी नव्हे, तर शनिवारी रात्री माझ्या स्वयंपाकघरात जे घडले ते तुझ्याखेरीज कोणालाही सांगण्यासारखे नाही म्हणून. प्रकृती ठीक आहे, रक्तदाबाची गोळी चालू आहे, पुढे वाच.

इकडे मुंटजॅक नावाचे मध्यम कुत्र्याएवढे हरीण आमच्या परसात येते. शंभराहून अधिक वर्षांपूर्वी इथून जवळच्या वोबर्नच्या उमरावाने आपल्या उद्यानात आणून ठेवलेली ही चिनी जात आता निम्म्या इंग्लंडभर पसरली असून, ती बाराही महिने विते म्हणून तिच्या शिकारीला बंदीचा काळच नाही. साहजिकच खाटकाकडे तिचे मांस मिळते. रात्री ती भुंकते. कशी भुंकते, हे तुला सांगायला नको.

पहिल्या खेपेस मागचा पाय आणला, बायकोचे न ऐकता विलायती पद्धतीने अख्खा भाजला आणि दोघांनी मुकाट्याने चप्पल खाल्ली. या मांसात चरबी जवळजवळ नाहीच, त्यामुळे जरा आच जास्त लागली की ते कोरडे पडते. दुसऱ्या खेपेस शहाणा होऊन खांद्याचे तुकडे आणले, वरचा पांढरा पापुद्रा सुरीने सोलला, आले-लसूण-हळद चोळून रात्रभर ठेवले, खोबरेलात परतून सात-आठ जुनिपरची फळे ठेचून घातली, पेलाभर काळी बिअर ओतली आणि घट्ट झाकण लावून 150 अंशांच्या ओव्हनमध्ये अडीच तास ठेवून दिले. खांद्याच्या शिरा विरघळून रस्सा आपोआप दाट होतो. मग वाटप: कांदा, सुके खोबरे, धणे, दगडफूल, सगळे काकीसारखे पार काळपट होईतो भाजून. शेवटी आच बंद केल्यावर नारळाचे दूध, म्हणजे ते फुटत नाही.

होय, दूध घातले. "मटणात नारळाचा रस घालणाऱ्याला कोणी मुलगी देऊ नये," असे तू गटारीच्या रात्री सर्वांसमक्ष म्हणाला होतास, ते मी विसरलेलो नाही. पण ज्या मांसाला स्वतःचा स्निग्धपणा नाही त्याला तो नारळानेच द्यावा लागतो, एवढे आता मान्य कर. घावणे जमले नाहीत, म्हणून सोबत भाजलेले पार्सनिप घेतले. गोडसर कंद आहे, वाटपाशी त्याचे बरे जुळले.

आणि पहिल्याच घासाला हात थांबला. बंड्या, तो 1987 च्या थंडीतला तुमच्या मागच्या पडवीतला बोकड होता. तोच बारीक धाग्याचा तुकडा, खोबऱ्याच्या खरपूस वासाखालून येणारा तोच रानवट वास. आबांनी त्या रात्री कंदील बारीक केला होता, काकी एक अक्षर बोलली नव्हती, आणि हाडे कुत्र्याला न घालता माडाच्या मुळात पुरली होती. मी विचारले तर आबा म्हणाले, "बोकड आसा, गप जेव." त्याआधी दोन रात्री डोंगरातून भुंकणे येत होते, नंतर आले नाही. वन्यजीव संरक्षणाचा कायदा 1972 चा, म्हणजे तेव्हा पंधरा वर्षांचा जुना, आणि आपण दोघांनी तिसऱ्यांदा वाढून घेतले होते!

इकडचे मुंटजॅक आणि आपले भुंकणारे हरीण, म्हणजे भेकर, एकाच कुळातले असल्याचे नंतर वाचले आणि उरलीसुरली शंकाही मिटली. बायकोने तोंडभर स्तुती केली. मी मान हलवत राहिलो. खाल्ल्याची खंत आहेच, पण इतकी वर्षे ज्या बोकडाच्या चवीचे गोडवे गाऊन मी इथल्या प्रत्येक मटणाला नावे ठेवली, तो बोकडच नव्हता, हे अधिक लागले. शिवाय तू वनखात्यात लागलास तेव्हा आबा हातात पेढा घेऊन खोकला येईपर्यंत हसले होते. मला वाटले, आनंदाने. तुला तेव्हा ठाऊक होते का? ठाऊक असून मला सांगितले नसशील, तर स्कूटरच्या भांडणापेक्षा हे भांडण मोठे होईल.

बढतीचे अभिनंदन. बदली टळली का? लेकीची दहावी, वहिनींचा गुडघा, सगळे सविस्तर कळव.

उत्तर मात्र खात्याच्या कागदावर लिहू नकोस. कृती हवी असल्यास बोकडाच्या नावाने लिहून पाठवीन.

तुझाच,
अण्णा