ताम्रभुंग्याला तांबे कोठून मिळाले?

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीत नुकतीच प्रसिद्ध झालेली, स्वतःसारखेच दुसरे यंत्र घडवणाऱ्या ताम्रभुंग्याची अद्भुतकथा मी दोनदा वाचली. पहिल्यांदा आनंदाने वाचली आणि दुसऱ्यांदा कागद-पेन्सिल घेऊन. जादूगाराने केलेला तोळाभर वजनाचा भुंगा रोज एक नवा भुंगा घडवून सूर्योदयाला थांबतो, नवाही तेच करतो आणि चाळीस दिवसांत सारे राज्य व्यापले जाते, ही कल्पना लेखिकेने सुरेख रंगवली आहे. राजवाड्यातील घंगाळ रात्रीतून नाहीसे होते आणि सकाळी त्या जागी चार भुंगे बसलेले दिसतात, हा प्रसंग तर मनातून जात नाही.

अद्भुतकथेला हिशेब कसला विचारायचा, असे कोणी म्हणेल. परंतु ‘हा मंत्रावर नव्हे, तांब्यावर वाढतो’ असे कथेतील जादूगारच राजाला बजावतो, त्यामुळे हा नियम वाचकाने लादलेला नाही. आजच्या सराफी पद्धतीने तोळा 10 ग्रॅमचा धरला, तर चाळीस वेळा दुप्पट झालेल्या भुंग्यांची संख्या सुमारे 1 लाख 10 हजार कोटी आणि त्यांचे एकूण वजन सुमारे 1 कोटी 10 लाख टन होते. आज साऱ्या जगातील खाणींतून वर्षभरात निघणाऱ्या तांब्याच्या हे जवळपास निम्मे आहे. कथेतल्या राज्यात खाण एकच, तीही आजोबांच्या काळी बंद पडलेली. म्हणजे भुंग्यांचा खरा पेच राजाच्या सैन्याशी नसून पुढच्या घासाशी असायला हवा होता.

आपल्याकडच्या रक्तबीजाच्या कथेत ही बाजू किती काटेकोरपणे सांभाळली आहे पाहा. देवीमाहात्म्याच्या आठव्या अध्यायात त्याच्या रक्ताचा थेंब भूमीवर पडला की त्यातून त्याच्याच बळाचा दुसरा असुर उभा राहतो; भूमीवर पडणे ही अट आहे. म्हणूनच चामुंडा मुख पसरून थेंब वरच्यावर पिऊन टाकते आणि रक्त सरलेला असुर देवीच्या शस्त्रांनी पडतो. तिथे उपाय थेट अटीतूनच निघाला आहे.

आपल्या कथेचा शेवट मात्र अटीशी फटकून वागतो. नायिका पहिला भुंगा ऐरणीवर ठेवून फोडते आणि त्याच क्षणी सगळे भुंगे निर्जीव होऊन पडतात. हे का पटत नाही, याचे उत्तर जॉन फॉन नॉयमन या गणितज्ञाने सप्टेंबर 1948 मध्ये पॅसाडिना येथील व्याख्यानात मांडलेल्या विचारात सापडते. यंत्राला आपली प्रतिकृती करायची तर स्वतःचे वर्णन त्याच्याजवळ हवे. पण त्या वर्णनात वर्णनाचेही वर्णन आले, आणि त्यातही आणखी एक, असे ते कधी संपणारच नाही. त्याने काढलेला मार्ग असा, की तोच मजकूर एकदा आज्ञा म्हणून वाचायचा आणि दुसऱ्यांदा, अर्थ न लावता पोथी उतरवणाऱ्या लेखनिकासारखा जसाच्या तसा नकलून नव्या यंत्राच्या स्वाधीन करायचा. डीएनएची रचना 1953 मध्ये उलगडली, आणि सजीव पेशीही मूलतः हीच दुहेरी युक्ती वापरते हे पुढे स्पष्ट होत गेले. प्रत्येक भुंग्याच्या पोटात आपली पोथी असेल, तर मूळ भुंगा फोडून बाकीच्यांचे काय बिघडणार?

आणि पोथ्या म्हटल्या की पाठभेद आले. नकलताना झालेली चूक पुढच्या पिढीत उतरते, हेही फॉन नॉयमनने नोंदवून ठेवले होते. कोट्यवधी नकलांत एखादा भुंगा सूर्योदयाला थांबायचे विसरला असता, तर त्याचीच प्रजा बघता बघता वरचढ झाली असती. लेखिकेच्या हातून निसटलेली ही जागा मला हिशेबाच्या चुकीपेक्षा अधिक हळहळ लावते.

कथेखालील चौकटीत ‘असे यंत्र आता प्रत्यक्षात आले आहे’ असे आपण छापले आहे, ते दुरुस्त करावे ही विनंती. ब्रिटनमधील बाथ विद्यापीठात एड्रियन बोयर यांनी 2005 मध्ये सुरू केलेल्या ‘रेपरॅप’ प्रकल्पातील त्रिमितीय मुद्रकाने 2008 मध्ये स्वतःचे प्लॅस्टिकचे भाग छापले, हे खरे. पण मोटारी, खिळे-स्क्रू आणि इलेक्ट्रॉनिक भाग बाहेरून आणावे लागले आणि जोडणी माणसांनीच केली. अशा बाहेरून आणलेल्या भागांना ती मंडळी गमतीने ‘व्हिटॅमिन’ म्हणतात, कारण ते लागतात पण यंत्राला स्वतः तयार करता येत नाहीत. चंद्रावरच्या मातीतून आपलीच प्रतिकृती उभारणाऱ्या कारखान्याचा विचार नासाच्या 1980 च्या अभ्यासगटाने केला होता, तो कागदावरच राहिला.

लेखिकेने ही कथा कधी संग्रहात घेतली, तर शेवटची दोन पाने पुन्हा लिहावीत. कथेच्या मध्यावर एक म्हातारी आपले हंडे आणि ताम्हणे विहिरीत बुडवून वर दगड लोटते आणि सारा गाव तिला हसतो. त्यानंतर ती म्हातारी कथेत पुन्हा दिसतच नाही.

आपला नम्र,
एक निवृत्त विज्ञान शिक्षक, सातारा